धुरपता जोंधळेच्या चपला

गेल्या उन्हाळ्यात नांदेडहून दोघे जण लातूरला शरणप्पांच्या घरी आले. धुरपता जोंधळे वारल्याला वर्ष होत आले होते. लोह्याच्या मैदानाला तिच्या नावाची कमान बांधायचे चालले होते, आणि तिच्याविषयी चार शब्द सांगणारी माणसे ते शोधत फिरत होते. शरणप्पांनी त्यांना चहा पाजला, पंखा लावून दिला आणि म्हणाले, "मला तिचं काय ठाऊक? सकाळी दुकानात चपला ठेवायची, पळून आली की घालून जायची. तेवढंच."

पाहुण्यांनी एकमेकांकडे पाहिले आणि काढलेले पेन खिशात परत गेले.

शरणप्पा खोटे बोलले नव्हते. तिला भावंडे किती, तिने लग्न का केले नाही, नांदेडला तिचे पुढचे दिवस कसे गेले, यातले त्यांना काही सांगता आले नसते. चार वर्षांत दोघांत जे बोलणे झाले ते सलग म्हटले तर कपातला चहा गार व्हायच्या आत संपले असते. मुळात शरणप्पा बोलके नव्हतेच. गिऱ्हाइकाला उधारी मागायची तरी त्यांचे कान लाल व्हायचे.

पाहुणे गेल्यावर आतून त्यांच्या बायकोने, दानम्मांनी, विचारले, "दोरी धरल्याचं सांगितलं का?"

"त्यात काय सांगायचं?"

"मग काय सांगितलं?"

शरणप्पांनी पाहुण्यांचे कप उचलून आत नेले. पण ती दोरी त्यांच्या डोक्यातून दोन दिवस गेली नाही.

गोष्ट जुनी होती. तेव्हा लातूर जिल्हा नुकताच उस्मानाबादेतून फुटून वेगळा झाला होता. कचेऱ्या भाड्याच्या इमारतींत होत्या, साहेब लोकांच्या खुर्च्या अजून यायच्या होत्या. नवीन संसार मांडलेल्या घरात एखादे भांडे नाही म्हणून रोज अडते, तसे जिल्ह्याचे चालले होते. त्यात जिल्ह्याला नाव असलेला एकही खेळाडू नव्हता. म्हणून नव्या क्रीडा अधिकाऱ्यांनी खटपट करून लोह्याकडची एक मुलगी जिल्हा परिषदेत कारकून म्हणून आणली. ती अडथळ्यांच्या शर्यतीत देशात पहिली आली होती. ती धुरपता. उंच, काटक, सावळी. मैदानासमोरच शरणप्पांचे किराणा दुकान होते. दूधवाल्यांसाठी ते पहाटेच फळी काढत. त्या वेळी उघडे असे तेच एक दार तिला रस्त्यावर दिसले.

पहिल्या दिवशी तिने विचारले, "अप्पा, चपला ठेवू का इथं?" शरणप्पांनी पायरीकडे बोट दाखवले. तिने पायरीवर बसून पिशवीतले खिळ्यांचे बूट चढवले आणि ती मैदानात गेली. तेवढ्यात कुत्र्याने एक चप्पल पळवली. परत आल्यावर ती उरलेली चप्पल पिशवीत टाकून अनवाणी निघून गेली. दुसऱ्या दिवशी ती नव्या चपला घालून आली आणि पुन्हा पायरीवरच ठेवू लागली. शरणप्पांना अवघडल्यासारखे झाले. "आत ठेवा, बाई," ते म्हणाले, आणि त्यांनी रॉकेलच्या पिंपाशेजारी जागा करून दिली.

ते चन्नबसप्पांनी पाहिले. चन्नबसप्पा रोज सकाळी दुकानातल्या बाकड्यावर बसून फुकट पेपर वाचत. कपाळावरची विभूती पुसू नये म्हणून ते मान सुद्धा हळू हलवत. वर बसवेश्वरांची तसबीर, खाली त्या चपला, असे त्यांनी एकदा वर आणि एकदा खाली पाहून घेतले.

"शरणप्पा, चपलांचं दुकान टाकलं का?"

"गिऱ्हाइकाच्या हायत."

"कुणाच्या हायत ते ठावं हाय का?"

"गिऱ्हाइकाच्या," शरणप्पा पुन्हा म्हणाले. ते पुडी बांधू लागले. चपला तिथेच राहिल्या. मग दर सकाळी तिथेच ठेवल्या जाऊ लागल्या.

दुकानातून मैदान पूर्ण दिसायचे. ती लाकडी अडथळे खांद्यावर आणून ओळीने मांडायची आणि त्यांच्यावरून पळायची. वाटेतला दूधवाला सायकल थांबवून बघायचा. प्रत्येक अडथळ्यावरून ती चांगली वीतभर उंच जायची. गावाला त्याचेच फार कौतुक होते. एकालाबी पाय लागू देत न्हाई, असे लोक एकमेकांना सांगत. कुणाकडे पाहुणे आले तर त्यांना मुद्दाम पहाटे मैदानावर आणत.

हेच तिचे दुखणे होते, हे कुणालाच माहीत नव्हते. या शर्यतीत अडथळा पडला तरी दोष धरत नाहीत. उलट जो लाकडाला घासून, कमी उंचीने जाईल त्याचा वेळ वाचतो. पडला तर पडला, पुढे पळायचे. सरावाच्या शिबिरातले गुरू तिला हे ओरडून सांगत असत म्हणे. शरणप्पांना हे नंतर क्रीडा अधिकाऱ्यांच्या तोंडून कळले, ती परदेशात हरून आली तेव्हा.

ती आशियाई स्पर्धेला निवडली गेली तेव्हा लातूरच्या पेपरने 'लातूरची कन्या' असे छापले आणि नांदेडच्या पेपरने 'नांदेडची कन्या'. दोन्ही पेपर चन्नबसप्पांनी मोठ्याने वाचून दाखवले. परतीला स्टँडवर हलगी लावायचेही ठरले. शर्यतीत ती पुढच्या तिघींत होती. सातव्या अडथळ्याला तिच्या पायाचे बोट लागले. अडथळा पडला आणि तिने पळता पळता मान वळवून मागे पाहिले. एवढेच झाले. ती शेवटची आली.

हलगीवाल्यांना परत पाठवण्यात आले. लातूरच्या पेपरने लिहिले, मूळची नांदेडची खेळाडू अपयशी. नांदेडच्या पेपरने तिला लातूर जिल्हा परिषदेची कर्मचारी म्हटले. क्रीडा अधिकारी दुकानात येऊन कपाळाला हात लावून बसले. "मागं काय होतं हो बघायला?" ते पुन्हा पुन्हा विचारत होते.

ती परतली त्याच्या दुसऱ्या दिवशी पहाटे नेहमीच्या वेळेला आली. तिने पिंपाशेजारी चपला ठेवल्या. शरणप्पांना काहीतरी बोलायचे होते. रात्री त्यांनी एक वाक्य जुळवूनही ठेवले होते. ऐन वेळी ते म्हणाले, "गूळ नवा आलाय."

"द्या पावशेर," ती म्हणाली.

पुढची दोन वर्षे पावसाने तोंड फिरवले. नळ आधी आठवड्याने येऊ लागला, मग यायचाच बंद झाला. गल्लीत टँकर आला की दानम्मा धुणे टाकून धावत. मैदानावर पूर्वी नगरपालिका पाणी मारत असे, ते थांबले. मुरूम भाजलेल्या विटेसारखा झाला. अडथळ्यावरून ती खाली आली की पायाचा आवाज रस्ता ओलांडून दुकानात यायचा. वीतभर वरून यायचे आणि दगडावर पडायचे, असे ते रोज चालले होते. हळूहळू पळणे कमी आणि पायरीवर बसून नडगी दाबणे जास्त होऊ लागले. सरकारी दवाखान्यातल्या डॉक्टरांनी हाडाला चीर जात आहे असे सांगून तिला दोन महिने घरी बसायला सांगितले होते. पण दीड महिन्यावर पुण्याला निवड होती. त्यात पहिली आली तर पुन्हा परदेश, नाहीतर वय संपले. पुन्हा कोणी तिला बोलावणार नव्हते. त्या हरलेल्या शर्यतीचा डाग पुसायचा तर ही एकच वाट होती.

क्रीडा अधिकाऱ्यांनी कुठून तरी मैदानासाठी टँकर मिळवला. पाणी पिण्याचे नव्हते, एका विहिरीचे मचूळ पाणी होते, असे त्यांचे म्हणणे. संध्याकाळी टँकर आला आणि मैदानाच्या एका पट्ट्यावर पाणी सोडू लागला. मुरूम पाणी पिताना सू सू करत होता. तारेच्या कुंपणाबाहेर गल्लीतल्या बाया घागरी घेऊन येऊन उभ्या राहिल्या. कुणी ओरडले नाही.

"आमची लेकरं पारोशी, अन् मैदानाला आंघोळ," एक म्हणाली.

दुसरी हळूच म्हणाली, पण सगळ्यांना ऐकू जाईल इतके हळू, "कवा आडावर येऊ देत नव्हते, आता टँकर येतंय बाईसाठी."

शरणप्पांनी ते दुकानातून ऐकले. धुरपता तर पंधरा हातांवर उभी होती. तिने मान वळवली नाही. ओल्या पट्ट्याकडे ती अशी बघत राहिली, की जणू तिथे कोणीच नाही.

दुसऱ्या पहाटे ती त्या ओल्या पट्ट्यावर पळाली. पायाचा आवाज आला नाही. परत येऊन चपला घालताना ती हसली. शरणप्पांनी तिला हसताना तेव्हा पहिल्यांदा पाहिले.

आठवड्याने टँकर पुन्हा आला. या वेळी बाया कुंपणाच्या आत आल्या आणि घागरी घेऊन पाइपाभोवती उभ्या राहिल्या. ड्रायव्हर गोंधळला. पाणी कुणाचे, हे त्याने धुरपताला विचारले.  तिला साध्वी ठरवायचे कारण नाही. तिला ते पाणी हवे होते. शरणप्पांना दुकानातून तिचा चेहरा दिसत होता, आणि माणूस ताटावरून उठवल्यावर जसा दिसतो तसा तो दिसत होता. मग तिने जाऊन पाइप हातात घेतला आणि तो बायांकडे धरला.

आता बाया थबकल्या. पाइप तिच्या हातात होता. आठवड्यापूर्वी आडाविषयी बोललेली बाई घागर कमरेवरून खाली घेईना. ड्रायव्हर एकदा हिच्याकडे, एकदा तिच्याकडे बघत होता, आणि पाणी तेवढा वेळ मुरमात वाया जात होते.

दानम्मा मागे उभ्या होत्या. लग्न होऊन आल्यापासून त्या कुणाच्या अध्यातमध्यात नव्हत्या. त्या पुढे आल्या, आपली घागर पाइपाखाली सरकवली आणि म्हणाल्या, "धर नीट, सांडून राहिलं." मग बाकीच्याही आल्या.

त्यानंतर मैदानाला टँकर आला नाही. वर कुणीतरी तक्रार केली म्हणतात.

त्या संध्याकाळी दानम्मांनी तिला दुकानामागच्या घरात बोलावले. मिठाची पुरचुंडी तव्यावर गरम करून नडगी शेकायला बसवले. शरणप्पा दाराबाहेर पोती रचत होते आणि त्यांना ऐकू येत होते. दानम्मांनी सरळ विचारले, "पोरी, त्या दिवशी मागं काहून बघितलंस?"

तिने पहिल्यांदा टाळले. मग सांगितले. मोठ्या दुष्काळात, ती दहा वर्षांची असताना, तिची आई नागुबाई लोह्याच्या रस्त्यावर खडी फोडायला जायची. बाया खडीचे ढीग रस्त्याच्या कडेला ठराविक अंतरावर लावत. मुकादम शनिवारी लाकडी चौकट घेऊन यायचा आणि ढीग मापायचा. ढीग भरला तर पगार, ढासळला असेल तर कापायचा. पोरे दिवसभर त्या ढिगांवरून उड्या मारत. धुरपता सगळ्यांत लांब जायची. एकदा तिचा पाय लागला, माथ्यावरची खडी घसरून गेली, आणि त्याच वेळी मुकादम आला. त्या आठवड्याची आईची मजुरी अर्धी झाली. आईने मारले नाही. घरी येऊन ती फक्त बसून राहिली.

"तवापासून पाय लागला की मान आपोआप वळती, मावशी. काय सांडलं ते बघाया," धुरपता म्हणाली. "म्हणून लागूच देत न्हाई मी. वरून जाते."

"अन् वरून गेलीस की हाड तुटतंय."

"तेवढी पुण्याची शर्यत होऊ दे. मग तुटू दे की."

बाहेर शरणप्पांच्या हातातले पोते तसेच राहिले.

पुढच्या पहाटे चपला ठेवल्यावर ती लगेच गेली नाही. पिशवीतून तिने सुतळीचे बंडल काढले. शिबिरात अडथळ्याच्या वर हातभर अंतरावर दोरी धरतात आणि मधल्या फटीतून पळायला लावतात, म्हणजे खेळाडू खाली राहतो. इथे धरणारे कोणी नव्हते. दुष्काळाने शेजारच्या वसतिगृहाची पोरे गावी गेली होती, आणि अधिकाऱ्यांची टँकरच्या तक्रारीनंतर बदलीची बोलणी चालली होती. ती शरणप्पांकडे न बघता म्हणाली, "अप्पा, घडीभर धरता का?"

शरणप्पांचे कान लाल झाले. दूधवाल्यांची वेळ होती, चन्नबसप्पा बाकड्यावर होते. शरणप्पा काय म्हणाले ते त्यांना स्वतःलाही आठवत नाही. तेवढ्यात दानम्मा आतून पदर खोचत आल्या आणि चालू लागल्या. मग त्यांनाही जावे लागले.

"दुकान कोण बघंल?" चन्नबसप्पांनी विचारले.

"तुम्ही बघा. पेपर फुकट वाचता की," दानम्मा म्हणाल्या.

एका बाजूला शरणप्पा, दुसऱ्या बाजूला दानम्मा, मध्ये अडथळा आणि वर सुतळी. ती पळत आली आणि तिच्या कपाळाने सुतळी ओढून नेली. पुन्हा तेच झाले. तिसऱ्या वेळी ती खाली राहिली, पण पाय लाकडाला लागून अडथळा आडवा झाला. ती दोन ढांगांवर थांबली, वळली आणि धावत येऊन अडथळा उभा करू लागली. असे किती तरी वेळा झाले. शेवटी ती मुरमावर बसली आणि तिने दोन्ही तळहातांनी तोंड झाकले. शरणप्पा सुतळी हातात धरून उभे होते. ती रडते आहे की दम घेते आहे हे त्यांना समजेना, आणि समजले असते तरी काय करायचे हे सुचले नसते.

दानम्मा गुडघ्यावर हात ठेवून तिच्याजवळ वाकल्या. "हे बघ," त्या म्हणाल्या, "सांडलेलं मी भरते. पडलेलं मी उभं करते. तू मागं बघायचं कारण न्हाई. मी हाय मागं. तू पळ."

मग त्यांनी सुतळीचे आपले टोक कुंपणाच्या खांबाला बांधले आणि अडथळ्याच्या मागे जाऊन उभ्या राहिल्या. ती पळत आली, अडथळा पडला, तिची मान अर्धी वळली, आणि मागून दानम्मा ओरडल्या, "हाय मी." ती तशीच पुढे गेली.

जायच्या दिवसापर्यंत रोज हेच चालले. दानम्मा लुगडे सावरत पडलेले अडथळे उभे करत. गाव बघायला जमू लागले आणि नाराज होऊ लागले. पूर्वी कशी एकालाबी शिवत नव्हती, आता सगळे पाडती, असे लोक म्हणत. चन्नबसप्पांनी तर तिचे दिवस भरले असे सांगून टाकले. पाय मात्र रोज जास्त सुजत होता. बुटाची नाडी तिला शेवटपर्यंत आवळता येत नव्हती.

पुण्याला जायच्या संध्याकाळी ती साधे बूट घालूनच दुकानात आली. पिशवीतल्या चपला काढून नेहमीच्या जागी ठेवल्या आणि गाडी गाठायला गेली. दानम्मांनी तिच्या पिशवीत शेंगाची चटणी आणि भाकरी टाकल्या.

चार दिवसांनी क्रीडा अधिकारी एकटेच परतले. दुकानात येऊन त्यांनी पाणी मागितले. दानम्मांनी तांब्यात होते तेवढे दिले. ती सगळ्यांच्या पुढे होती म्हणाले. एकामागून एक अडथळे पाडत चालली होती, लोक हसत होते, पण पुढे होती. शेवटच्या अडथळ्यावरून खाली आली तेव्हा नडगी मोडल्याचा आवाज त्यांना मांडवात ऐकू आला. शेवटची रेघ आठ-दहा हातांवर राहिली होती. तिथवर ती हातांवर सरपटत गेली, तोवर सगळ्या पोचल्या होत्या. निवड दुसऱ्या कुणाची तरी झाली.

दानम्मा तांब्या घेऊन आत गेल्या त्या बाहेर आल्या नाहीत.

पंधरवड्याने दुपारी दुकानासमोर रिक्षा थांबली. धुरपताचा पाय मांडीपर्यंत प्लास्टरमध्ये होता. बगलेत कुबड्या होत्या. तिची बदली नांदेडला झाली होती आणि ती सामान घेऊन स्टँडकडे निघाली होती. दानम्मा त्या दिवशी उदगीरला माहेरी गेल्या होत्या. ते कळल्यावर ती थोडी घुटमळली. चेहरा ओळखू न येण्यासारखा झाला होता. डोळे कोरडे होते आणि ती कुठेही नीट बघत नव्हती.

शरणप्पांनी या वेळी वाक्य जुळवले नव्हते. म्हणूनच बहुधा त्यांना विचारता आले. "लई पाडले म्हनं?"

"लई."

"मागं बघितलं?"

"न्हाई." कुबडी सावरत ती म्हणाली, "उचलायला माणसं असत्यात तिथं." आणि मग रस्त्यापलीकडे मैदानाकडे बघत, "पाहून काय होणार होतं, अप्पा. झालं तेच झालं."

 रिक्षावाल्याने हॉर्न वाजवला. ते वाकले, पिंपाशेजारच्या चपला काढल्या, धोतराच्या सोग्याने त्यांच्यावरची धूळ पुसली आणि तिच्यापुढे ठेवल्या. तिने चांगला पाय एका चपलेत सरकवला. दुसरीकडे नुसते पाहिले.

त्या दिवसानंतर त्यांची भेट झाली नाही.

"ही ऱ्हाऊ द्या अप्पा," ती म्हणाली. "नंतर नेते."

"न्या की," शरणप्पा म्हणाले. "इथंच हाय."